वेळ घडवायला बसण्यापूर्वी

चि. पोरीस अनेक आशीर्वाद.

तुझी अंगठी मिळाली. घाट देखणा आहे, झिलईही छान बसली आहे. पण भिंग लावून पाहिलं तर सांध्यापाशी केसाएवढी चीर दिसते, आणि ती वाढत जाणार. अंगठी कशाची केलीस ते तू लिहिलं नाहीस, तरी हातात घेताच कळलं. नुसत्या आनंदाच्या वेळेची आहे. भेटीचा क्षण, निकालाचा क्षण, पहिल्या पावसाचा क्षण, एकाला एक डाक देऊन जोडलेले. मधला सगळा वेळ कानसून टाकलास, म्हणून ती चिरली.

शुद्ध आनंदाला अंग नसतं. २४ कॅरेट सोनं मऊ पडतं म्हणून त्यात तांबं-चांदी मिसळतात, तशी मिसळ इथेही लागते. आणि ती करायची वाट पाहण्याच्या वेळेची. कंटाळ्याची, ताटकळण्याची, कुणाचा ताप उतरेपर्यंत उशाशी बसून काढलेल्या रात्रीची. हा माल दिसायला मळकट, तापवला की धूर फार करतो, आणि शिकाऊ हात तो हमखास बाजूला सारतात. तू सारू नकोस. माझ्या मते आपल्या कामात याच्याइतकं चिवट दुसरं काही नाही.

मापासाठी सुरुवातीला घड्याळ वापरू नकोस. काटा वेळेचे सारखे तुकडे पाडतो, आणि तुकडे मोजायची सवय लागली की अखंड घटका हाताळायची राहूनच जाते. घटिकापात्र ठेव. बुडाला बारीक भोक असलेली वाटी पाण्यावर सोडायची. ती भरून बुडाली की घटका भरली, म्हणजे २४ मिनिटं झाली. पाणी फार गार असेल तर वाटी अंमळ सावकाश भरते, तेवढं ध्यानात ठेव. आणि नुसती बघत बस. शेवटी पाणी काठाशी येतं, वाटी जराशी कलते आणि बुडते. बुडण्याआधीचा तो जो दाट वेळ आहे, तो बोटांना ओळखता यायला हवा. त्याहून लहान काम पळात करायचं. ६० पळांची एक घटका, म्हणजे पळ २४ सेकंदांचं, आणि जुन्या गणितात एका पळाला सहा श्वास धरलेले आहेत. सहा श्वास शांतपणे घेऊन बघ; चिमट्यात नीट धरता येतो तो एवढाच तुकडा. सेकंदाच्या वाटेला इतक्यात जाऊ नकोस. १९६७ पासून सेकंद सिझियमच्या अणूवरून ठरतो, एका सेकंदात ९,१९,२६,३१,७७० कंपनं मोजून. इतकं बारीक काम पेलायला हात आधी तयार व्हावा लागतो.

एक गोष्ट कुणी सहसा सांगत नाही. उन्हाचा वेळ आणि घड्याळाचा वेळ एकाच मुशीत ओतू नयेत. पृथ्वीचा आस कललेला आहे, तिची कक्षाही पुरती गोल नाही, त्यामुळे सूर्य नोव्हेंबरच्या सुरुवातीला घड्याळाच्या सुमारे १६ मिनिटं पुढे असतो आणि फेब्रुवारीच्या मध्याला सुमारे १४ मिनिटं मागे. आपल्या गावाची वेळ आणि घड्याळाची प्रमाणवेळ यांतला फरक वजा केला तरी दोघांचं जुळतं ते वर्षातून चारदाच. ओसरीवरच्या दुपारची आणि कचेरीतल्या दुपारची जोडवस्तू करायची असेल तर दोन्ही वेगळ्या तापवायच्या आणि मध्ये फट राखायची.

फटीला भिऊ नकोस. वेळेचं कुठलंच माप पुरं बसत नाही, काहीतरी शिल्लक राहतंच. ऋतूंचं एक चक्र ३६५ दिवसांत संपत नाही, वर साधारण पावणेसहा तास उरतात. पंचांग करणाऱ्यांनी ते फेकले नाहीत, साठवून २९ फेब्रुवारी केली. त्यातही थोडं जास्त घातलं जातं हे कळल्यावर शतकांच्या वर्षांचा वेगळा नियम आला, म्हणून १९०० साली २९ फेब्रुवारी नव्हती आणि २००० साली होती. पृथ्वीच्या फिरण्याशी मेळ राखायला १९७२ ते २०१६ या काळात २७ जादा सेकंद घालावे लागले. जे जगाच्या वेळेला करावं लागतं ते तुझ्या अंगठीलाही करावं लागेल. उरलेला कीस फुंकून टाकू नकोस, डबीत ठेव. सांधा भरायला तोच लागतो, कारण तो त्याच वेळेचा असतो.

माल कुणाचा घ्यायचा, यावर मात्र माझं म्हणणं ठाम आहे. स्वतःचा घ्यायचा. दुसऱ्याचा वेळ त्याने आपणहून, समजून दिला तरच घ्यायचा. म्हातारी माणसं फार सहज देतात. तू समोर बसलीस की अख्खी संध्याकाळ काढून तुझ्या ओंजळीत घालतील. तेव्हा त्यांच्याजवळ बसावं, बोलावं, आणि ती संध्याकाळ तिथेच त्यांच्यापाशी ठेवून उठावं. तिचा दागिना करायचा मोह मला अजून होतो, इतका तो माल सुंदर असतो. तरीही नाही. मुलांच्या वेळेला तर हातही लावायचा नाही. तो अजून ओला असतो आणि त्याला काय व्हायचंय ते त्याचं त्यालाच ठरवू द्यावं.

तू विचारलंस, आधी दागिने शिकू की उपयोगाच्या वस्तू. उपयोगाच्या. दागिन्यातला दोष झिलईखाली दडतो, कडीतला दडत नाही. कडी लागते किंवा लागत नाही. म्हणून पुढचं काम कडीचंच देते. रागाच्या बोलण्याआधी लावायची कडी. ओठांवर आलेला शब्द एका श्वासापुरता थांबवायचा आणि मग माणसाला हवं ते बोलू द्यायचं, एवढंच तिचं काम. तिने तोंड बंद करता कामा नये, तसल्या कड्या मी बघितल्या आहेत आणि त्या माणसाला आतून कुजवतात. त्यामुळे खीळ सैल ठेव, बोटाने सरकेल इतकी. माल तुझ्याच एखाद्या जुन्या भांडणानंतरच्या अबोल्यातला घे. तो कडक असतो, तेव्हा मंद आचेवर बराच वेळ ठेवावा लागेल, आणि ठोकायचा तर लाकडी हातोडीनेच.

तयार झाली की कच्चीच पाठव. झिलई देऊ नकोस, मला खीळ आणि सांधा उघड्यावर बघायचे आहेत.