रीळ कापू नकोस

अगं पोरी,

मेल वाचला. न्यूजर्सीच्या घरातली, बाबांनी छोट्या घरगुती कॅमेऱ्यावर घेतलेली सुपर एट फिल्मची रिळं, त्यांत आई जेमतेम दिसते, म्हणून तिचे तेवढे तुकडे काढून खाली गाणं टाकायचं म्हणतेस. नको. कापू नकोस.

१९६५च्या अमेरिकन इमिग्रेशन कायद्यानंतर तिकडे गेलेल्या इंजिनिअरांना या कॅमेऱ्याचं भारी वेड. पन्नास फुटांचं रीळ, सेकंदाला १८ फ्रेम धरल्या तर ३ मिनिटं २० सेकंदांत संपलं. फिल्म महाग, धुणावळ वेगळी. म्हणजे प्रत्येक सेकंद बाबांनी मोजून खर्चलाय. नव्या गाडीभोवती सबंध फेरी आणि आई ओझरती, हा हिशेब तुला दिसत नाही? कापलंस की तोच पुसला जाणार. उरेल ती हसरी आई. कॅमेऱ्यासमोर कोण हसत नाही!

तू पाठवलेला तुकडाच बघ. साडीवर पुरुषी ओव्हरकोट, दोन्ही हातांत किराणा. ती पिशव्या बर्फात ठेवते, पदर कोटाच्या आत खोचते, काहीतरी पुटपुटते, आणि मग हसते. तू फक्त हसू ठेवणार होतीस ना?

ती काय पुटपुटली ते मुक्या रिळातून कळायचं नाही. बाबांना आणि मावशीला शेजारी बसवून सगळी रिळं दाखव, फोनवर रेकॉर्डिंग चालू ठेव. भांडले तर भांडू देत. तू मध्ये बोलू नकोस, तुझी ती खोड मला ठाऊक आहे.

एडिटिंग टेबलावर जन्म गेला माझा. 'हट्टी म्हातारा' म्हणून कामं गेली, गेली तर गेली. ज्यांनी माझ्याकडून काढून घेऊन दुसरीकडे कापून घेतलं, त्यांतलेच एक पुढे विचारत आले, पूर्ण प्रिंट आहे का हो? माझ्याकडे होती.

तर आधी सगळं स्कॅन, फ्रेम न् फ्रेम, शेवटच्या पांढऱ्या उजेडासकट. जुन्या प्रोजेक्टरवर चढवू नकोस. फिल्म आक्रसलेली असली तर कडेची भोकं फाटतात. मूळ रीळ अखंड राहू दे. मग कॉपीवर हवी तेवढी कात्री चालव, मला मात्र दाखवू नकोस.

आणि व्हिनेगरसारखा वास येणारा डबा आजच बाकीच्यांपासून लांब ठेव. ती फिल्म कुजतेय, आणि तिच्या वाफेने शेजारचीही कुजेल. स्कॅनला पहिली तीच दे.