खानतोकच्या पंगतीला जाताना

प्रश्न: ताई, नमस्कार. दिवाळी झाली की आम्ही घरचे पाच जण थायलंडला निघतोय. चियांग माईच्या मुक्कामात एका संध्याकाळी 'खानतोक जेवण आणि नृत्य' असं लिहून आलंय, त्याचे पैसे माणशी वेगळे. आमचे हे म्हणतात, पर्यटकांसाठी मांडलेला देखावा आहे तो, त्यापेक्षा बाजारात फिरू. मुलगी कथक शिकते, तिला नाच बघायचाच आहे. सासूबाई 72 वर्षांच्या. दोन्ही गुडघ्यांचं ऑपरेशन झालेलं, शुद्ध शाकाहारी, आणि चातुर्मासात कांदा-लसूणही नाही. त्यांना जमिनीवर बसवून डुकराच्या रश्श्यासमोर न्यायचं का? जावं की नको?
एक गृहिणी, महाल

उत्तर: जा, आणि सासूबाईंना घेऊनच जा. फक्त निघायच्या आठ दिवस आधी एक फोन करावा लागेल, त्याचं पुढे सांगते.

आधी तुमच्या ह्यांची शंका. मी नागपूरहून इतकी वर्षं ग्रुप नेते, दर वेळी कुणी ना कुणी हेच विचारतं. 'खान' म्हणजे वाडगा आणि 'तोक' म्हणजे बुटकं गोल मेज. आपला चौरंग गोल केला तर जसा दिसेल तसं. लाकडाचं नाहीतर बांबू-वेताचं, बहुतेक लाख चढवून लाल-काळं केलेलं. त्यावर पाच-सहा वाडगे आणि भोवती घरची माणसं, असं चियांग माईकडे, म्हणजे उत्तर थायलंडात, जेवायचे. तो मुलूख पूर्वी सयामचा, म्हणजे जुन्या थायलंडचा, नव्हताच. राजा मंगरायनं 1296 साली चियांग माई वसवलं. राज्याचं नाव लान्ना, म्हणजे दहा लाख भातखाचरं. 1558 पासून दोनशेहून जास्त वर्षं तिथं ब्रह्मी अंमल होता, आणि सयामशी तो मुलूख पुरता जोडला गेला तो एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीला. म्हणून तिथली बोली, भात, मसाले, नाच, सगळं बँकॉकपेक्षा निराळं आहे.

पाहुण्यांना बसवून जेवण आणि नाच एकत्र द्यायची पद्धत मात्र अलीकडची. 1953 मध्ये चियांग माईतले अभ्यासक क्राइस्री निम्मानहेमिन यांनी आपल्या मित्रांना निरोप द्यायला अशी पंगत मांडली आणि तिथून ती रूढ झाली. तेव्हा तुमचे हे म्हणतात ते खरं आहे, हे बाहेरच्या माणसांसाठीच मांडलेलं असतं. पण पाहुणा आला की आपणही रोजचं ताट बाजूला ठेवून चांदीचं काढतो, रांगोळी घालतो. त्याला कोणी देखावा म्हणत नाही. पाहुणा म्हणून गेलात तर ती संध्याकाळ तुमची होते. पैसे वसूल करायला गेलात तर जेवण साधं वाटेल आणि नाच संथ.

आता तो फोन. बऱ्याच वर्षांपूर्वी मी बायकांचा एक ग्रुप नेला होता. मधल्या माणसाला 'व्हेज' एवढंच सांगितलं आणि निश्चिंत झाले. मेजावर हिरव्या मिरचीचा एक वाडगा आला. नाम प्रिक नुम. दिसायला हुबेहूब आपला ठेचा, वासही भाजलेल्या मिरचीचा. आमच्यातल्या एका मावशींचा चातुर्मास होता. लसूण चालणार नाही हे त्यांना वासावरूनच कळलं, त्यांनी तो बाजूला सारला आणि नुसत्या उकडलेल्या भाज्यांवर भागवलं. शेजारच्या काकूंनी मात्र हौसेनं तीनदा घेतला. नंतर वाढणारीला विचारलं तेव्हा कळलं की त्यात माशाचं पाणी, म्हणजे मासे मिठात मुरवून काढलेला रस, होता. काकू रात्रभर झोपल्या नाहीत. ती चूक माझी होती, आणि तेव्हापासून मी विचारल्याशिवाय कुणाच्या हातात वाटी देत नाही.

तर शब्द पाठ करून घ्या. शाकाहाराला तिकडे 'मांगसाविरात' म्हणतात. नीट ऐका, त्यात आपलं 'मांस' आणि 'विरती' आहे. यात दूध, अंडं चालतं. त्याहून कडक म्हणजे 'जे'. त्यात मांस-मासे, अंडं, दूध नाहीच, वर कांदा-लसूणही नाही. सासूबाईंसाठी 'जे' सांगा. पिवळ्या झेंड्यावर लाल अक्षरात हा शब्द लिहिलेला दुकानांवर दिसतो. आपल्या नवरात्राच्या आगेमागे तिकडे नऊ दिवस 'जे' पाळायचा उत्सवच असतो, त्यामुळे हा शब्द सगळ्यांना कळतो. शिवाय 'माय साय नाम प्ला, माय साय कापि' असं म्हणा, म्हणजे माशाचं पाणी घालू नका, कोळंबीचं वाटण घालू नका. हे आठ दिवस आधी फोनवर सांगा, आणि त्या संध्याकाळी आत शिरताना पुन्हा सांगा.

नेहमीच्या मेजावर काय काय असतं, तेही माहीत असू द्या. गेंग हांग ले हा डुकराच्या मांसाचा रस्सा. आलं, चिंच, लसूण आणि जिरं-धण्यांच्या वळणाचा कोरडा मसाला. ब्रह्मदेशाकडून आलेला हा पदार्थ आपल्याकडच्या मांसाहारी माणसाला पहिल्या घासातच ओळखीचा वाटतो. सावजीची सवय असेल तर सौम्य लागेल, एवढंच. नाम प्रिक ओंग टोमॅटो आणि खिम्याचं. खाप मू म्हणजे डुकराची कुरकुरीत तळलेली साल. ती कुरडईसारखी दिसते, मुलांना आधीच सांगून ठेवा. तळलेली कोंबडी, कोबी, उकडलेल्या भाज्या, काकडी, तळलेली केळी. आणि विणलेल्या छोट्या टोपलीत खाओ नियाओ, म्हणजे चिकट भात. चमचा मागू नका. बोटांनी लिंबाएवढा गोळा करायचा, तळहाताला लागू द्यायचा नाही, वाडग्यात टेकवायचा आणि खायचा. जुन्या घरांत थोरल्या माणसानं पहिला घास घेतल्यावरच बाकीचे सुरू करायचे. सासूबाईंकडून सुरुवात करा, वाढणाऱ्या मुलीसुद्धा खूश होतील.

गुडघ्यांचं सोपं आहे. बऱ्याच ठिकाणी मेजाखाली पाय सोडायला खड्डा केलेला असतो, काही ठिकाणी खुर्च्यांची वेगळी रांग. त्याच फोनवर विचारून घ्या. खाली बसणाऱ्यांनी पाय रंगमंचाकडे किंवा समोरच्या माणसाकडे ताणायचे नाहीत. आपल्याकडेही ते वाईटच दिसतं.

आता नाच. मुलीला सांगा, तिथे तत्कार शोधू नकोस. घुंगरू नाहीत, चक्कर नाही, समेवर यायची घाई नाही. 'फोन लेप' म्हणजे नखांचा नाच. अनवाणी बायका ओळीनं येतात, केसांत फुलं, नेसायला लांब फासिन, म्हणजे लुंगीसारखं वस्त्र. आठ बोटांत लांब पितळी नखं असतात, अंगठे मोकळे. मनगट इतकं हळू वळतं की पहिली दोन मिनिटं काही घडतच नाहीये असं वाटतं. मग डोळा सरावतो. मनगट आधी वळतं, बोट मागाहून, आणि नखाचं टोक सगळ्यात शेवटी. ते टोक थांबलं की पुढची हालचाल. कथकच्या मुलीनं पाय सोडून फक्त मनगटं बघावी. मी पहिल्यांदा बघितलं तेव्हा शेवटच्या मिनिटाला डोळ्यांत पाणी आलं, आणि का आलं ते कुणाला सांगता आलं नाही.

हा नाच मुळात रंगमंचावरचा नाही. विहारात दान घेऊन जाणाऱ्या मिरवणुकीपुढे गावातल्या बायका तो नाचायच्या. रात्री तोच नाच नखं काढून, हातांत मेणबत्त्या धरून करतात, त्याला 'फोन थियान' म्हणतात. तो आज एवढा देखणा दिसतो त्याचं बरंचसं श्रेय दारा रश्मी या राजकन्येला आहे. चियांग माईच्या राजाची ही मुलगी, जन्म 1873 चा. लहान वयात तिला बँकॉकच्या दरबारात पाठवलं, पुढे ती सयामच्या राजा चुलालोंगकोर्नची राणी झाली. तिथल्या बायका केस आखूड कापायच्या. हिनं आणि हिच्या सख्यांनी मात्र उत्तरेकडचा अंबाडा आणि फासिन सोडलं नाही. राजा गेल्यावर 1914 मध्ये ती माहेरी परतली आणि 1933 मध्ये वारेपर्यंत वाड्यावर मुलींना नाच-गाणं शिकवायची सोय करत राहिली. मुलीला ही गोष्ट जाण्याआधी सांगा. सासरी राहून माहेरचा अंबाडा जपणारी बाई आपल्याकडे कुणालाही कळते.

बाकी 'फोन दाप' तलवारींचा. मोठा ढोल वाजवणारा कोपरानं आणि गुडघ्यानंही ठोके देतो, मुलांना तो फार आवडतो. 'फोन साओ माई' नक्की बघा. धागा ओढायचा, गुंडाळायचा, सगळं हातांच्या अभिनयात. सासूबाईंनी आयुष्यभर वाती वळल्या असतील, त्यांना हा नाच तुमच्याआधी कळेल. शेवटी नाचणाऱ्या खाली येतात, हात जोडतात आणि 'रामवोंग'ला बोलावतात. गोल फिरत हात हलवायचे, बस. नाही म्हणू नका.

फोटो काढा, पण उभं राहून मागच्यांच्या आड येऊ नका. कपडे साधे चालतील, साडी असेल तर उत्तमच. आणि तारीख बघा. आपल्या त्रिपुरी पौर्णिमेच्या सुमारास तिकडे यी पेंगचा दिव्यांचा उत्सव असतो, तेव्हा शहर भरलेलं असतं, जागा आधीच धरा.

प्रश्न: जयभीम, ताई. आमचा उपासक-उपासिकांचा 20 जणांचा गट थायलंडमधले विहार बघायला जातोय. चियांग माईला खानतोकचा कार्यक्रम नेमका पौर्णिमेच्या संध्याकाळी ठेवलाय. पौर्णिमेला आमच्यातले निम्मे अष्टशील पाळतात. टूरवाले म्हणतात, जेवू नका, नुसते बसा. चालेल का?
एक उपासक, इंदोरा

उत्तर: जयभीम. माझ्या मते नाही चालणार, आणि तुम्हालाही ते ठाऊक आहे, म्हणून तर विचारलंत. सहावं शील विकालभोजन, म्हणजे दुपारनंतरचं जेवण, टाळण्याचं; सातवं नृत्य-गीत-वाद्य बघणं टाळण्याचं. न जेवता बसलात तरी सातवं मोडतंच. निम्म्यांना खोलीवर ठेवून निम्म्यांनी जायचं, हेही गटाला शोभणारं नाही. कार्यक्रम एक दिवस मागे-पुढे करून घ्या. आधी सांगितलं तर बहुतेक होतं, थोडे पैसे द्यावे लागले तरी द्या.

त्या संध्याकाळी वात फ्रा सिंगला किंवा वात चेदी लुआंगला जा. 'वात' म्हणजे विहार. दोन्ही जुन्या शहरात, खंदकाच्या आत आहेत. तुमची पौर्णिमा वैशाखीची, माघाची किंवा आषाढाची असेल तर 'वियान थियान' बघायला मिळेल. हातात फूल, उदबत्ती आणि मेणबत्ती घेऊन लोक तीन प्रदक्षिणा घालतात. तुम्हीही सामील व्हा, कुणी अडवत नाही. दुसऱ्या दिवशी खानतोकला बसाल आणि फोन थियान सुरू होईल, तेव्हा त्या मेणबत्त्या कुठून आल्या ते तुम्हाला सांगावं लागणार नाही.

प्रश्न: आमच्या महिला मंडळाचं संक्रांतीचं हळदीकुंकू यंदा खानतोकच्या पद्धतीनं करायचं ठरतंय. घरच्या सामानात जमेल?
एक वाचक, प्रतापनगर

उत्तर: जमेल, आणि हिवाळा त्याला चांगला. चार जणींत एक चौरंग, त्यावर पाच-सहा वाट्या. नाम प्रिक नुमसाठी लांब, पोपटी, कमी तिखट मिरच्या घ्या, भजीला वापरतो तशा. आपण वांगी भाजतो तशाच निखाऱ्यावर काळ्या होईपर्यंत भाजा. सोबत लसणाची अख्खी गड्डी आणि छोटे कांदे. साल काढून खलबत्त्यात मिठासकट ठेचा. मिक्सर नको, त्यानं गिळगिळीत होतं आणि मिरचीचे धागे राहत नाहीत. माशाचं पाणी आपोआपच वगळलं जाईल. ओंगसाठी टोमॅटोत खिम्याऐवजी कुस्करलेलं सोयाबीन घाला. कोबी, वाल, गाजर नुसतं वाफवून ठेवा. तिळाच्या वड्या शेवटी द्या, तिकडचं नसलं तरी सण आपला आहे.

भाताला मात्र दुसरा पर्याय नाही. आपला चिन्नोर कितीही गोड असला तरी चिकटत नाही. आसामकडचा बोरा तांदूळ मिळाला तर बघा. रात्रभर भिजवायचा, निथळायचा, ओल्या कापडात बांधून मोदकपात्रात अर्धा तास वाफवायचा, पाण्याला टेकू द्यायचा नाही. मध्ये एकदा पुरचुंडी उलटी करा. झाला की परातीत पसरून वाफ जाऊ द्या आणि लगेच झाकणाच्या डब्यांत भरा. प्रत्येकीनं गोळा घेतला की झाकण परत लावायचं, वाऱ्यानं तो दहा मिनिटांत वाळतो.