ईएससीचा पिवळा दिवा लागून राहतोय, गॅरेजवाला एबीएस मॉड्यूल बदला म्हणतो. बदलू का?

मॉड्यूल आत्ता बदलू नका. आधी चारही चाकांचे स्पीड सेन्सर तपासून घ्या, आणि ते होईपर्यंत ताम्हिणी घाटाचा बेत पुढे ढकला.

तुम्ही लिहिलेलं थोडक्यात असं: गाडी काही वर्षं जुनी, गेल्या महिन्यात पुढचे दोन टायर नवे टाकले आणि अलाइनमेंट केली. मागच्या आठवड्यातल्या पावसात सिंहगड रस्त्यावर तुंबलेल्या पाण्यातून गाडी काढली. दुसऱ्या दिवसापासून घसरणाऱ्या गाडीचं चिन्ह, म्हणजे ईएससीचा दिवा, आणि एबीएसचा दिवा असे दोन्ही लागतात. गाडी चालू केल्यावर ते विझतात, पण सोसायटीच्या गेटबाहेर पडून थोडं अंतर गेलं की परत लागतात. गॅरेजवाल्यानं मॉड्यूल गेलं असं सांगितलं. नव्या टायरांमुळे तर हे होत नाही ना, असंही तुम्ही विचारलंय. तुम्हाला पौड-मुळशीवरून ताम्हिणीमार्गे माणगावला जायचंय.

पुण्यात मी बरीच वर्षं गाड्यांच्या इलेक्ट्रिकल दुरुस्तीचं काम करतो. तुमच्या वर्णनातल्या दोन गोष्टी मला फार महत्त्वाच्या वाटतात: दोन्ही दिवे एकदम लागतात, आणि गाडी हलल्यावरच लागतात. त्या का महत्त्वाच्या, हे कळायला ही यंत्रणा काय करते ते आधी पाहावं लागेल.

बॉशनं १९७८ मध्ये मर्सिडीजच्या गाडीत एबीएस आणलं. जोरात ब्रेक मारला तरी चाक जाम होऊ द्यायचं नाही, एवढंच त्याचं काम. १९९५ मध्ये याच दोन कंपन्यांनी त्यावर पुढची पायरी चढवली: गाडी वळणावर घसरायला लागली, तर चालकानं ब्रेक दाबला नसतानाही यंत्रणेनं स्वतःहून एकाच चाकाला ब्रेक लावायचा. बॉश आणि मारुती तिला ईएसपी म्हणतात, टोयोटा व्हीएससी, होंडा व्हीएसए, ह्युंदाई ईएससी. काम सगळीकडे तेच. १९९७ मध्ये मर्सिडीजची छोटी ए-क्लास स्वीडनमधल्या एका चाचणीत अचानक वळवताना उलटली आणि त्यानंतर कंपनीनं त्या मॉडेलच्या प्रत्येक गाडीत ही यंत्रणा बसवायला घेतली. लहान गाड्यांमध्ये ती यायला तिथून वेग आला.

आत काय चालतं? स्टिअरिंगखाली एक सेन्सर असतो, तो तुम्हाला गाडी कुठे न्यायची आहे ते सांगतो. गाडीच्या मध्यभागी, सहसा सीट किंवा कन्सोलखाली, दुसरा असतो. गाडी स्वतःभोवती किती वेगानं फिरतेय आणि बाजूला किती ओढली जातेय ते तो मोजतो. शिवाय चार चाकांचे चार स्पीड सेन्सर आणि ब्रेकच्या दाबाचा एक. बॉशच्या यंत्रणेत सेकंदाला २५ वेळा हिशोब होतो: चालकाला हवी ती दिशा आणि गाडीची खरी दिशा जुळते का? नाही जुळली की इंजिनाची ताकद कमी होते आणि एखाद्या चाकाला ब्रेक लागतो. होडीत एका बाजूचं वल्हं पाण्यात रोवून धरलं की होडी त्या बाजूला वळते, तसंच हे. पुढची चाकं घसरून गाडी वळणाबाहेर सरळ जायला लागली, तर वळणाच्या आतल्या बाजूचं मागचं चाक धरलं जातं. मागचा भाग बाहेर फेकला जात असेल, तर बाहेरच्या बाजूचं पुढचं चाक. अमेरिकेत विमा कंपन्यांच्या महामार्ग सुरक्षा संस्थेनं केलेल्या अभ्यासात, या यंत्रणेमुळे एकट्या गाडीच्या जीवघेण्या अपघातांचा धोका सुमारे निम्म्यानं कमी झाल्याचं दिसलं. तो दिवा दुर्लक्ष करण्यासारखा नाही, असं मी प्रत्येकाला सांगतो ते याचमुळे.

ब्रेक लावण्याचं प्रत्यक्ष काम करतो तो बोनेटखालचा पंप आणि व्हॉल्व्हचा ठोकळा, त्यालाच कॉम्प्युटर चिकटलेला. गॅरेजमध्ये त्याला सरसकट एबीएस मॉड्यूल म्हणतात. बिघाडाचे सगळे कोड त्याच्यातूनच वाचले जातात, म्हणून दोष त्याच्याच माथी मारला जातो. पण तो कोड साठवतो याचा अर्थ तो बिघडला असा होत नाही. बहुतेक वेळा तो एवढंच सांगत असतो की मला एका ठिकाणची माहिती मिळत नाही, किंवा मिळालेली पटत नाही, म्हणून मी काम थांबवतो.

आता तुमचे दिवे. चालू केल्याबरोबर दिवे काही सेकंद लागून विझणं ही रोजची तपासणी आहे, ते योग्यच. त्या वेळी कॉम्प्युटर तारा तुटलेल्या नाहीत ना, व्होल्टेज पुरेसं आहे ना, आतलं सर्किट ठीक आहे ना, ते बघतो. मॉड्यूलच्या आत बिघाड असता तर बहुधा दिवा विझलाच नसता. तुमचा विझतो. गाडी चालायला लागल्यावर मात्र चारही चाकांचा वेग एकमेकांशी ताडून बघता येतो, आणि नेमकं तिथेच तुमच्या गाडीत अडतंय. शिवाय एबीएसला स्टिअरिंगच्या सेन्सरची गरज नसते. नुसता ईएससीचा दिवा असता तर मी अलाइनमेंटवाल्याकडे बोट दाखवलं असतं, पण एबीएसही बंद पडतंय म्हणजे गोष्ट दोघांना लागणाऱ्या माहितीची आहे, ती म्हणजे चाकांचा वेग. त्यात गाडी पाण्यातून गेलेली. माझा पहिला संशय एखाद्या चाकाच्या सेन्सरवर, त्याच्या कपलरवर (तारेच्या जोडावर) किंवा बेअरिंगवर आहे.

हे अंदाजावर सोडायचं कारण नाही, स्कॅनरवर स्पष्ट दिसतं. फक्त मोबाइलला जोडायचा स्वस्त स्कॅनर इथे सहसा पुरत नाही, तो इंजिनाचे पी-नं सुरू होणारे कोड वाचून थांबतो. एबीएस-ईएससीचे कोड सी-नं सुरू होतात, ते वाचणारा आणि लाइव्ह डेटा दाखवणारा स्कॅनर हवा. कोड नुसता ऐकू नका, फोटो काढून घ्या. मग मोकळ्या रस्त्यावर एकानं गाडी चालवायची, दुसऱ्यानं स्क्रीनकडे बघायचं. ताशी २० किलोमीटरच्या आसपास सरळ जाताना चारही आकडे जवळपास सारखे हवेत. एखादं चाक शून्य दाखवत असेल, मध्येच गळत असेल किंवा बाकीच्यांच्या बरंच मागे रेंगाळत असेल, तर चोर सापडला. ही तपासणी न करता मॉड्यूल बदला म्हणणाऱ्याला दुसऱ्यांदा विचारायचीही गरज नाही.

चाक कळलं की ते काढून डोळ्यांनी पाहा. सेन्सरच्या टोकाला चिखल किंवा लोखंडाचा कीस बसलाय का? कपलर उघडल्यावर पिना हिरवट पडल्यात का? पाण्यातून गाडी गेल्यावर हे हमखास दिसतं. पाणी तांब्याच्या तारेतून आतपर्यंत सरकतं आणि गंज इन्सुलेशनखाली लपून राहतो, म्हणून तार नुसती वरून बघून चालत नाही, हातानं वाकवून बघावी लागते. चाक डावी-उजवीकडे वळताना ती तार रोज वाकते आणि कधीतरी आतून तुटते, बाहेरून अख्खी दिसते. आणि पुण्यातल्या सोसायट्यांच्या पार्किंगमधला नेहमीचा उपद्व्याप म्हणजे उंदीर. पावसाळ्यात ते गरम बोनेटखाली येऊन बसतात. कुरतडलेल्या तारा मी इतक्या पाहिल्यात की चाकाच्या कमानीतलं प्लास्टिकचं लायनर सोडवून आत टॉर्च मारणं मी कधीच टाळत नाही.

हल्लीच्या बहुतेक गाड्यांत सेन्सर जिच्याकडे बघतो ती चुंबकी पट्टी बेअरिंगच्या सीलमध्येच असते. बेअरिंग नवं टाकताना ते उलटं बसलं तर पट्टीची बाजू सेन्सरच्या विरुद्ध जाते आणि चाक फिरूनही सिग्नल शून्य. बेअरिंग खराब होऊन डुलायला लागलं तरी सेन्सर आणि पट्टी यांच्यातलं अंतर बदलतं. चाक जॅकवर उचलून वर-खाली हलवून बघा, आणि त्या बाजूनं घरघर येते का ते ऐका. एक विनंती: हे सेन्सर मल्टिमीटरनं ओहममध्ये मोजू देऊ नका. जुन्या दोन तारांच्या कॉइलवाल्या सेन्सरला ती पद्धत ठीक होती. आताचे सेन्सर साधारण ७ आणि १४ मिलिअँपिअर अशा दोन पातळ्यांमध्ये करंट बदलून सिग्नल देतात, त्यांचा ओहमचा आकडा काहीच सांगत नाही, उलट सेन्सर खराब होऊ शकतो.

नव्या टायरांबद्दल तुम्ही विचारलंच आहे. पुढचे दोन्ही नवे आणि मागचे दोन्ही झिजलेले, यानं सहसा दिवा लागत नाही. नव्या टायरची नक्षी साधारण ८ मिलिमीटर, झिजलेल्याची २ धरली, तर हॅचबॅकच्या चाकाच्या त्रिज्येत जेमतेम दोन टक्के फरक पडतो आणि यंत्रणा तो सांभाळून घेते. गडबड होते ती डाव्या-उजव्या चाकांत फरक असला तर, म्हणजे एकाच बाजूला वेगळ्या मापाचा टायर, एका टायरात हवा फार कमी, किंवा लहान मापाची स्टेपनी लावून फिरणं. मग सरळ जातानाही कॉम्प्युटरला वाटतं की गाडी वळतेय.

पण दिवा बाजूला ठेवूनही एक गोष्ट मला मनापासून सांगावीशी वाटते. दोनच टायर नवे घ्यायचे असतील तर ते मागे लावा. आपल्याकडे दुकानात पुढे लावायचीच रीत आहे, कारण स्टिअरिंग हलकं आणि नेमकं वाटतं. ओल्या रस्त्यावर झिजलेली चाकं मागे असली तर वळणावर मागचा भाग आधी सुटतो, आणि तेव्हा गाडी सावरणं नव्या काय, जुन्या चालकालाही कठीण जातं. पुढची चाकं घसरली तर निदान वेग कमी करून गाडी परत ओळीत येते. ईएससी बंद असताना तर हा फरक फार मोठा होतो. टायरची अदलाबदल हे अर्ध्या तासाचं काम आहे, घाट चढण्याआधी करून घ्या.

इतर वाचकांसाठी, ज्यांचा एकटा ईएससीचाच दिवा लागतो: अलाइनमेंटनंतर असं झालं असेल तर सपाट रस्त्यावर गाडी सरळ जाताना स्टिअरिंग तिरकं राहतं का ते पाहा. राहत असेल तर स्टिअरिंगच्या सेन्सरला वाटतं तुम्ही वळताय, पण गाडी वळत नसते. अलाइनमेंट नीट करून स्कॅनरनं त्या सेन्सरचं शून्य जुळवून घ्यावं लागतं. बॅटरी काढून बसवल्यावर दिवा लागला तर काही गाड्यांत स्टिअरिंग एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत फिरवून थोडं सरळ चालवलं की तो जातो, पद्धत गाडीच्या पुस्तकात असते. ब्रेक पेडलजवळचा स्विच बिघडला तरी हा दिवा लागतो, मागचे ब्रेकलाइट बघा. इंजिनाचा दिवाही सोबत असेल तर आधी इंजिन दुरुस्त करा, कारण इंजिनाची ताकद नीट कमी करता येत नाही म्हटल्यावर बऱ्याच गाड्या ईएससी आपणहून बंद ठेवतात. आणि दिवा सतत न लागता वळणावर किंवा चिखलात फडफडला, तर तो बिघाड नाही, यंत्रणा त्या क्षणी काम करतेय. तिथे पाय ॲक्सिलरेटरवरून काढा.

मॉड्यूल खरंच जातं का? जातं. पंपाची मोटर अडकते, आतल्या बोर्डाचे सांधे सुटतात. पण मग कोड तसा येतो, आणि चाकांचे चारही सिग्नल ठीक असतात. शिवाय फ्यूज, वीजपुरवठा आणि अर्थिंग तपासल्याशिवाय तो निकाल द्यायचा नसतो. मॉड्यूल बदललंच तर ते गाडीसाठी कोडिंग करावं लागतं आणि ब्रेक ऑइलमधली हवा स्कॅनरच्या मदतीनं काढावी लागते. नाना पेठेतून जुनं आणून नुसतं बसवलं आणि झालं, असं होत नाही.

आता ताम्हिणी. दोन्ही पिवळे दिवे लागलेले असताना साधे ब्रेक चालतात, म्हणून शहरात हळू चालवत गॅरेजपर्यंत जायला हरकत नाही. पण जोरात ब्रेक मारला तर चाकं जाम होतील आणि स्टिअरिंग फिरवूनही गाडी सरळ घसरत जाईल, हे ध्यानात ठेवून पुढच्या गाडीपासून अंतर ठेवा. गाडीला हिल होल्ड (चढावर गाडी मागे घसरू न देणारी सोय) असेल तर तोही बंद असेल, चढावर हँडब्रेक वापरा. पावसातल्या घाटात शेवाळ असतं, डोंगरावरून माती आणि खडी रस्त्यावर येते, धुक्यात पुढचं वळण उशिरा दिसतं. कुटुंब घेऊन अशा गाडीतून तिथे जाऊ नका. पिवळ्या दिव्यांसोबत ब्रेकचा लाल दिवाही लागला तर मात्र गॅरेजपर्यंतही चालवू नका. ब्रेक ऑइल कमी झालेलं असू शकतं किंवा पुढच्या-मागच्या ब्रेकमधली वाटणी बंद पडलेली असू शकते, गाडी टो करून न्या.

सेन्सर किंवा तार दुरुस्त झाल्यावर कोड उडवायला सांगा आणि गाडी तिथूनच चालवून बघा. काही गाड्यांत थोडं अंतर चालवल्यावरच दिवा विझतो. नुसता कोड उडवून गाडी हातात दिली, दुरुस्ती काहीच केली नाही, तर तुमच्या गेटबाहेर पडताच तो पुन्हा लागेल. स्कॅनमध्ये कोणता कोड आला आणि चारही चाकांचे आकडे काय होते ते मला कळवा, कोणत्या चाकापासून सुरुवात करायची ते त्यावरून सांगतो.