छत्रीचा फटका आणि धूर!

प्रश्न: १९०२ चा 'अ ट्रिप टू द मून' लेकीसोबत पाहिला. छत्रीचा फटका बसला की चंद्रावरचा प्राणी फट्कन धूर होतो, तेव्हा कॉम्प्युटर नव्हते मग हे केलं कसं?

उत्तर: अहो, कॅमेरा थांबवून! या सिनेमाचा दिग्दर्शक जॉर्ज मेलिएस मूळचा पॅरिसचा जादूगार, फटका बसला की सगळे जागच्या जागी स्तब्ध, कॅमेरा बंद, नट बाजूला, त्याच्या जागी धूर सोडला की पुन्हा चालू, आणि नंतर फिल्म कापून सांधा असा जुळवायचा की कळतच नाही. मला तर डोळ्यात रॉकेट घुसल्यावर कळवळणारा चंद्र फार म्हणजे फारच आवडतो. लेकीला परत दाखवा, छत्रीची अळंबी होते तिथेही हीच युक्ती आहे.