लाल डगला काळा का दिसतो?

प्रश्न : कॅनडाच्या घोडेस्वार पोलिसांवरच्या मूकपटांत त्यांचा लाल डगला काळपट का दिसतो? आणि घोडे इतके सुसाट कसे?

उत्तर : त्या काळची ऑर्थोक्रोमॅटिक फिल्म निळा-हिरवा प्रकाश टिपते, तांबडा जवळजवळ नाहीच. म्हणून डगला काळा आणि निळे आकाश पांढरेफटक. रात्रीचे प्रसंग अनेकदा दिवसाच टिपून प्रिंट निळ्या रंगात बुडवत. ती छटा नसलेल्या प्रतीत रात्रीचा पाठलाग भरदुपारी चाललेला दिसतो, आणि सगळा थरारच जातो.

घोड्यांचा वेग हा प्रक्षेपणाचा दोष. सेकंदाला १६ चौकटींनी (फ्रेम, म्हणजे एकेक चित्र) टिपलेले १००० फुटांचे रीळ साधारण पावणेसतरा मिनिटे चालायला हवे. २४ने लावले तर अकरा मिनिटांतच संपते. प्रोजेक्टरचा वेग बदलता येत असेल, तर माणसांची चाल स्वाभाविक दिसेपर्यंत तो कमी करा.