‘तेलुगू देसम’मधला देश कोणता?

एका वाचकाने विचारलं आहे: आंध्रातल्या ‘तेलुगू देसम’ या पक्षाच्या नावातला ‘देसम’ म्हणजे आपला ‘देश’च का? आणि तसं असेल, तर पक्षाचे संस्थापक, अभिनेते एन. टी. रामाराव वेगळं राष्ट्र मागत होते का?

पहिल्याचं उत्तर हो, दुसऱ्याचं नाही.

तेलुगूत हा शब्द ‘श’नेच लिहितात आणि शेवटी अनुस्वार देतात, त्याचा उच्चार ‘म्’. म्हणजे ‘देशम्’. आपल्या वर्तमानपत्रांतला ‘देसम’ इंग्रजी स्पेलिंगवरून आला आहे. मूळ अक्षर आपल्याच वर्णमालेत असताना ते इंग्रजीतून फिरवून आणायचं काय कारण?

आता अर्थ. राष्ट्र हा ‘देश’चा एकमेव अर्थ मराठीतही नाही. कोकणातला माणूस घाट चढून ‘देशावर’ जातो. देशमुख आणि देशपांडे परगण्याचा कारभार बघायचे. मुलूख, प्रांत, आपली भूमी हा जुना अर्थ आपल्या बोलण्यात जिवंत आहे, तसाच तेलुगूतही आहे. तेलुगू मुलखाला ‘आंध्रदेशम्’ म्हणण्याची रीत या पक्षाच्या फार आधीची.

खरा घोळ शेजारच्या शब्दांत होतो. तेलुगूत ‘राष्ट्रम्’ म्हणजे राज्य, आपण घटकराज्य म्हणतो ते. तिथे केंद्र-राज्य संबंधांना ‘केंद्र-राष्ट्र संबंध’ म्हणतात. आणि ‘राष्ट्रीय’ म्हणायचं तर शब्द येतो ‘जातीय’! राष्ट्रीय महामार्ग हा तिथे ‘जातीय’ रस्ता. रामारावांच्या तोंडी सतत असलेला ‘तेलुगू जाती’ हा शब्द म्हणजे सगळा तेलुगू समाज, लोक. मराठी वाचकाने तो जातिवाचक समजला, तर संपूर्ण भाषण उलटं कळेल. त्यांची घोषणा ‘आत्मगौरवम्’ची, आणि त्याला मराठीत ‘स्वाभिमान’ हाच शब्द बसतो. ‘आत्मगौरव’ लिहिलं तर ते स्वतःची स्तुती करताहेत असं वाटेल.

मला सगळ्यात बोलका पुरावा वाटतो तो त्यांच्या कारकिर्दीतला. त्यांचा पहिला चित्रपट 1949चा ‘मन देशम्’, म्हणजे ‘आपला देश’. दिग्दर्शक एल. व्ही. प्रसाद, पार्श्वभूमी स्वातंत्र्यलढ्याची. रामारावांची भूमिका छोटी, तीही ब्रिटिश अमदानीतल्या पोलीस इन्स्पेक्टरची. इथला देश अर्थातच भारत. 29 मार्च 1982 रोजी हैदराबादला त्यांनी पक्ष काढला, तेव्हा देश म्हणजे तेलुगू मुलूख. आणि 1993च्या ‘मेजर चंद्रकांत’मधल्या ‘पुण्यभूमि ना देशम्’ या गाण्यात, म्हणजे ‘माझा देश पुण्यभूमी’, देश पुन्हा भारत. त्या गाण्यात सत्तरीला आलेले रामाराव छत्रपती शिवाजी महाराजांच्या वेषात दिसतात, ब्रिटिशांशी लढलेले कट्टबोम्मन, अल्लुरी सीताराम राजू आणि सुभाषबाबू यांच्याही. एकच माणूस एकच शब्द दोन्ही अर्थांनी वापरतो, आणि तेलुगू प्रेक्षक कुठेही अडखळत नाही.

राजकारणही याला धरूनच होतं. काँग्रेसने 1978 ते 83 या एका मुदतीत आंध्रला चार मुख्यमंत्री दिले. त्यातल्या टी. अंजय्यांचा बेगमपेट विमानतळावर राजीव गांधींनी केलेला पाणउतारा लोकांच्या जिव्हारी लागला. राग दिल्लीच्या वागण्यावर होता, भारतात असण्यावर नव्हता. तमिळनाडूतल्या द्रविड चळवळीने एके काळी खरोखरच वेगळं ‘द्रविड नाडू’ मागितलं होतं, 1963च्या सुमारास ती मागणी सोडली. रामारावांनी तशी मागणी कधी केलीच नाही. जानेवारी 1983 मध्ये मुख्यमंत्री झाल्यावर काही महिन्यांतच त्यांनी देशभरच्या विरोधी नेत्यांना विजयवाड्यात एकत्र आणलं, आणि 1989 मध्ये व्ही. पी. सिंगांचं सरकार आलं तेव्हा त्या सरकारच्या राष्ट्रीय आघाडीचे अध्यक्ष तेच होते.

मग त्यांना मराठीत काय म्हणावं? ‘प्रांतवादी’ला परक्यांच्या द्वेषाचा वास आहे. ‘राष्ट्रवादी’ म्हटलं की 1999 नंतर आपल्याकडे आधी पक्षच आठवतो. ‘तेलुगू अस्मितेचं राजकारण’ हे मला सगळ्यात नेमकं वाटतं. पक्षाचं नाव ‘तेलुगू देशम’ असं लिहावं. आणि ‘तेलगू’ नको, ‘लु’ला उकार हवाच, तेलुगू माणूस स्वतःच्या भाषेचं नाव तसंच उच्चारतो.