आधी कपाटाचं कुलूप काढा

प्रश्न : मुलगी बारावी सायन्सला आहे. अकरावीत ७८ टक्के. तिला चित्रकला आणि सिनेमा करायचाय. अब्बास किआरोस्तामी या इराणी दिग्दर्शकाचं नाव सारखं घेते. तो म्हणे कुणाची नोकरी न करता मोठा झाला. सीईटी होईपर्यंत तिची स्केचबुकं मी कपाटात कुलूप लावून ठेवली आहेत. आधी इंजिनिअरिंग, मग हौस, हे तिला समजावाल का? – एक वडील, सातारा

नमस्कार,

टक्क्यांची मला काळजी वाटली नाही. त्या कुलपाची वाटली. तुम्ही ते अगदी सहज लिहून गेलात. फाइन आर्ट काय किंवा डिझाइन काय, प्रवेशाच्या वेळी मुलांचा हात बघतात आणि तो रोज रेखाटूनच तयार होतो. म्हणजे तिची एक वाट तुम्ही तिला न विचारताच बंद करताय. शिवाय आपल्याला जे सगळ्यात जास्त आवडतं ते घरात जप्त होतं, हे ती या वयात शिकतेय. अशी मुलं अभ्यास वाढवत नाहीत, बोलणं कमी करतात.

किआरोस्तामींचा १९८९ सालचा 'होमवर्क' हा माहितीपट तुम्हीच बघा. स्वतःच्या मुलाच्या गृहपाठावरून घरात कटकट व्हायची, त्यातून त्यांना तो सुचला. तेहरानच्या एका शाळेतल्या मुलांना ते एकेक करून कॅमेऱ्यासमोर आणतात आणि गृहपाठाबद्दल विचारतात. शिक्षा काय होते हे मुलं पटकन सांगतात, अगदी पट्ट्याच्या मारासकट. शाबासकीबद्दल विचारलं की कित्येकांना उत्तरच सुचत नाही.

तुमच्या लेकीचा आणि तुमचा गैरसमज मात्र एकच आहे. स्वतंत्र कलावंत म्हणजे बिनपगारी माणूस, असं दोघांनाही वाटतं. तिला त्याचं आकर्षण, तुम्हाला त्याची धास्ती. किआरोस्तामी तेहरान विद्यापीठात चित्रकला शिकले आणि त्या काळात पोटासाठी वाहतूक पोलिसांच्या खात्यात काम करत होते. पुढे ढीगभर जाहिरातपट केले, सिनेमांची टायटल्स केली, मुलांच्या पुस्तकांसाठी चित्रं काढली. मग मुलांसाठीच्या 'कानून' या सरकारी संस्थेत चित्रपट विभाग उभा करण्यात त्यांचा हात होता. घरी भाकरी घेऊन निघालेला मुलगा आणि गल्लीत आडवा आलेला कुत्रा, हा १९७० सालचा त्यांचा पहिला लघुपट तिथलाच, आणि 'होमवर्क'सुद्धा. 'टेस्ट ऑफ चेरी'ला कान महोत्सवात पाम दोर हा तिथला सर्वोच्च पुरस्कार मिळाला तो १९९७ साली, वयाच्या ५६ व्या वर्षी. बर्फातल्या झाडांचे फोटो, कविता, हेही सोबत चालूच होतं. काय दाखवायचं, कुणाला घेऊन दाखवायचं, किती वेळ दाखवायचं, हे ते स्वतः ठरवत. त्यांचं स्वातंत्र्य ते. हा परिच्छेद मुलीलाही वाचायला द्या. तिने टायटल डिझाइन, संकलन, पुस्तकांची चित्रं ही कामं कमी प्रतीची मानू नयेत.

'आधी इंजिनिअरिंग' हे मी तिला समजावणार नाही. मन नसताना काढलेली चार वर्षं आणि त्यांची फी, यात मला कसलीच सुरक्षितता दिसत नाही.

वाटा ठाऊक असतीलच : फाइन आर्टची सीईटी, डिझाइन शिकवणाऱ्या एनआयडी या संस्थेची परीक्षा, आणि पदवीनंतर पुण्याची एफटीआयआय ही सिनेमा शिकवणारी संस्था. बारावी नीट पूर्ण करावी, एवढा आग्रह जरूर धरा.

स्केचबुकं आजच परत द्या. पुढचं पत्र तिला स्वतःला लिहू दे, सोबत तिने निवडलेली दहा रेखाटनं पाठवू दे. ती निवडताना तुम्ही शेजारी बसू नका.